आधी आसरा, मग जाब

२००५ च्या ‘कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियमा’तली दोन कलमे शेजारी ठेवून वाचली, तर वाचणारा क्षणभर थबकतो. कलम १८ म्हणते की पीडित स्त्री आणि गैरअर्जदार या दोघांनाही म्हणणे मांडण्याची संधी द्यावी, हिंसाचार झाला आहे किंवा होण्याचा संभव आहे असे प्रथमदर्शनी पटावे आणि मग न्यायदंडाधिकाऱ्याने संरक्षण आदेश द्यावा. पाच कलमे ओलांडून कलम २३ वर आलो की वेगळेच काही दिसते. स्त्रीच्या प्रतिज्ञापत्रावरून हिंसाचाराचे प्रथमदर्शनी चित्र उभे राहत असेल, तर समोरच्याला न बोलावताही, म्हणजे एकतर्फी, आदेश देता येतो. एका कलमात दोघांचे ऐकण्याची अट आणि दुसऱ्यात एकीचेच ऐकून हुकूम. या कायद्यावर नाराज असलेले लोक दुसऱ्या कलमाकडे बोट दाखवून ‘नवऱ्याचे कोणी ऐकतच नाही’ असे म्हणतात. पीडित स्त्रियांसोबत काम करणारे कार्यकर्ते पहिल्या कलमाच्या नावाखाली महिनोन्‌महिने पडणाऱ्या तारखा दाखवतात. माझ्या मते ही दोन कलमे एकाच सुनावणीचे दोन टप्पे आहेत आणि खरा दोष त्या टप्प्यांमधल्या अंतरात आहे. कायद्याने ते अंतर मोजून दिलेले नाही, न्यायालयांनी ते ताणू दिले आहे आणि त्याचा फटका दोन्ही पक्षांना बसतो, स्त्रीला अधिक.

वाद घालण्याआधी हा आदेश म्हणजे नेमके काय ते पाहायला हवे, कारण बहुतेक गैरसमज तिथेच रुजतात. संरक्षण आदेशाने कोणी गुन्हेगार ठरत नाही, कोणाला अटक होत नाही, कोणाच्या नावावर शिक्षा लागत नाही. मारहाण करू नको, ती काम करते तिथे जाऊ नको, तिच्याशी संपर्क साधू नको, तिचे स्त्रीधन किंवा दोघांच्या नावावरची मालमत्ता न्यायालयाच्या परवानगीशिवाय विकू नको, बँकेचे लॉकर परस्पर उघडू नको, तिला मदत करणाऱ्या नातेवाइकांना त्रास देऊ नको, अशा स्वरूपाचे हे मनाई हुकूम असतात. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१८ साली या कायद्याखालच्या कार्यवाहीचे स्वरूप प्रामुख्याने दिवाणी असल्याचे सांगितले. फौजदारी बाजू येते ती आदेश मोडल्यावर. कलम ३१ प्रमाणे त्यासाठी एक वर्षापर्यंत कैद, २०,००० रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात आणि हा गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र आहे. मात्र अर्ज चालतो प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यासमोर, फौजदारी न्यायालयाच्या इमारतीत, त्याच बाकांवर बसून. त्यामुळे घरी नोटीस आली की ‘आपल्यावर केस झाली’ असे घरभर होते आणि दिवाणी मनाई हुकुमाला शिक्षेची छाया चिकटते. न ऐकता शिक्षा झाल्याची भावना पुष्कळदा इथून येते. तिला सामोरे जायचे तर आदेशाचे खरे रूप लोकांना आधी नीट सांगायला हवे.

दुसरी बाजू ऐकल्याशिवाय निवाडा करू नये, हे तत्त्व जुने आहे. १७२३ साली इंग्लंडच्या किंग्ज बेंच न्यायालयात केंब्रिज विद्यापीठाचे एक प्रकरण आले. विद्यापीठाने रिचर्ड बेंटली या विद्वानाच्या पदव्या त्याचे म्हणणे न ऐकताच काढून घेतल्या होत्या. न्यायाधीश फॉर्टेस्क्यू यांनी तेव्हा दाखला दिला तो आदमचा: देवानेसुद्धा त्याला स्वर्गीय बागेतून घालवण्याआधी ‘तू ते फळ खाल्लेस का’ असे विचारले होते. नैसर्गिक न्यायाची परंपरा सांगताना हा दाखला आजही दिला जातो आणि तो आपल्या विषयाला विलक्षण जवळचा आहे, कारण प्रश्न राहत्या जागेतून बाहेर काढण्याचाच होता. पण या तत्त्वाचा अर्थ ‘प्रत्येक वेळी आधीच ऐका’ असा भारतीय न्यायालयांनी कधी लावलेला नाही. १९७७ साली मनेका गांधी यांचा पासपोर्ट सरकारने अडकवला. जानेवारी १९७८ च्या गाजलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ऐकून घेण्याचा हक्क ठामपणे मान्य केला आणि त्याच निकालात हेही सांगितले की, आधी कळवले तर माणूस देश सोडून जाईल आणि अधिकाराचा हेतूच फसेल अशी स्थिती असेल, तेव्हा सुनावणी आदेशानंतर लगेच दिली तरी चालेल. त्या निकालाचा सगळा भार ‘लगेच’ या शब्दावर आहे.

दिवाणी कायद्याला तर ही गोष्ट त्याहून कितीतरी आधीपासून ठाऊक आहे. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या आदेश ३९, नियम ३ प्रमाणे मनाई हुकुमाआधी समोरच्याला नोटीस द्यायची असते. पण नोटिशीच्या दिरंगाईने हुकुमाचा हेतूच निष्फळ होणार असेल, तर कारणे नोंदवून एकतर्फी हुकूम देता येतो. बांधावरचे झाड उद्या सकाळी तोडले जाणार आहे, सामाईक भिंत आज रात्री पाडली जाणार आहे, असे सांगत वकील दुपारी न्यायालयात धावतो आणि संध्याकाळी ‘स्टे’ घेऊन बाहेर पडतो. गावोगाव हे चालत आले आहे. त्यावर कोणी घटनेचा आधार घेऊन आक्षेप घेतला नाही, कारण तोडलेले झाड परत लावता येत नाही हे सर्वांना समजते. झाडासाठी जे समजते ते माणसाच्या हाडांसाठी न समजण्याचे काही कारण नाही.

घरातल्या हिंसेत तर नोटीस हीच धोक्याची घडी असते. सावकार आणि ऋणको, मालक आणि भाडेकरू यांची भांडणे न्यायालयात जातात तेव्हा दोघे आपापल्या घरी झोपतात. इथे अर्जदार आणि ज्याच्याविरुद्ध अर्ज आहे तो, एकाच छपराखाली असू शकतात. नोटीस त्याच दारावर येते आणि दार कोण उघडेल ते सांगता येत नाही. कायद्याने पहिल्या सुनावणीसाठी साधारण तीन दिवसांची मुदत घातली आणि नोटीस बजावायला संरक्षण अधिकाऱ्याला दोन दिवस दिले. ही घाई कागदावरची शोभा म्हणून आलेली नाही. अर्ज आणि आदेश यांमधल्या रात्री मोजक्या असाव्यात हा तिचा हेतू आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या फेरीत, १८ ते ४९ वयाच्या विवाहित किंवा कधीकाळी विवाहित असलेल्या स्त्रियांपैकी २९.३ टक्के स्त्रियांनी नवऱ्याकडून शारीरिक किंवा लैंगिक हिंसा सोसल्याचे सांगितले. अशी हिंसा कोणाकडूनही सोसलेल्या स्त्रियांपैकी मदत मागितली ती अवघ्या १४ टक्क्यांनी. चार भिंतीआड राहिलेले जे इतके मोठे प्रमाण आहे, त्यातून एखादी स्त्री उंबरठा ओलांडून न्यायालयापर्यंत येते, तेव्हा तिच्या पाठीमागे बहुधा अनेक महिन्यांचा किंवा वर्षांचा इतिहास असतो. अर्जाची बातमी घरी पोचल्यावर त्या रात्री तिचे काय होईल, याचा विचार न्यायदंडाधिकाऱ्याने करायचा नाही तर कोणी करायचा?

एकतर्फी आदेशाचे समर्थन इथवर पक्के आहे. अडचण यानंतर सुरू होते. त्याच दिवाणी संहितेच्या नियम ३-अ मध्ये म्हटले आहे की एकतर्फी मनाई हुकूम दिला, तर तीस दिवसांत मूळ अर्ज निकाली काढण्याचा न्यायालयाने प्रयत्न करावा आणि जमले नाही तर कारणे नोंदवावीत. ही मुदत न पाळली गेल्यास बाधित पक्षाला अपिलाचा मार्ग मोकळा आहे, असेही सर्वोच्च न्यायालयाने २००० साली स्पष्ट केले. २००५ च्या कायद्यातल्या कलम २३ मध्ये अशी ओळच नाही. एकतर्फी आदेश दिल्यावर समोरच्याला किती दिवसांत ऐकायचे, हे तिथे लिहिलेले नाही. कलम २५ प्रमाणे संरक्षण आदेश स्त्री स्वतः तो उठवण्याचा अर्ज करेपर्यंत लागू राहतो. परिस्थिती बदलली तर गैरअर्जदारही बदल मागू शकतो आणि कलम २९ खाली तीस दिवसांत सत्र न्यायालयात अपील करू शकतो. म्हणजे दारे आहेत. पण अपील हा वरच्या न्यायालयाचा दरवाजा आहे. ज्या न्यायदंडाधिकाऱ्याने आपल्याला न ऐकता हुकूम दिला, त्यानेच आपल्याला ठरल्या दिवशी ऐकावे, ही साधी अपेक्षा अपिलाने पुरी होत नाही. संपूर्ण अर्ज पहिल्या सुनावणीपासून साठ दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा असे कलम १२ सांगते. ते पाळले जात असते तर वेगळ्या तारखेची गरजच उरली नसती. ते पाळले जात नाही, हे वकील, पक्षकार आणि न्यायाधीश तिघेही जाणतात.

ही दिरंगाई कोणाच्या पथ्यावर पडते, ते प्रत्येक प्रकरणात सारखे नसते. एकतर्फी आदेश मिळाला असेल तर तो लांबणे स्त्रीच्या सोयीचे दिसते. पण अनेक न्यायदंडाधिकारी एकतर्फी आदेश द्यायला कचरतात आणि अर्जावर ‘गैरअर्जदाराचे म्हणणे मागवा’ एवढाच शेरा मारतात. तिथून पुढे म्हणणे दाखल करायला मुदत, मग वकीलपत्र बदलले म्हणून मुदत, मग समुपदेशनाला पाठवले म्हणून तारीख, असा प्रवास सुरू होतो आणि तोवर तिच्या हातात काहीच नसते. आपल्या न्यायालयांत गैरअर्जदाराला ‘जाबदार’ असेही म्हणतात. जाब म्हणजे उत्तर. उत्तर देणे हा त्याचा हक्क आहे तसेच ते त्याचे कामही आहे, हे दोन्ही अर्थ त्या शब्दात आहेत. उत्तर द्यायला जागा मिळाली नाही तर तो अन्याय होतो. आणि उत्तर देण्याच्या हक्काचा उपयोग उत्तर टाळण्यासाठी झाला, तर तोही अन्यायच. न्यायदंडाधिकारी एकतर्फी आदेश द्यायला धजावेल असा भरवसा हवा असेल, तर त्या आदेशानंतरची तारीख जवळची आणि पक्की हवी. आठ-दहा दिवसांत समोरचा माणूस येऊन बोलणार आहे हे ठाऊक असले की आज हुकूम देताना हात अडखळत नाही. त्वरित सुनावणीचा आग्रह धरणारे आणि त्वरित संरक्षणाचा आग्रह धरणारे परस्परांचे विरोधक समजले जातात. वस्तुतः दोघांची मागणी एकच आहे.

अर्थात सर्व आदेश एका तराजूत घालता येणार नाहीत. याबाबतीत कायद्याचे शब्द बारकाईने पाहिले तर मोठी शहाणी रचना दिसते, तिच्याकडे फारसे कोणी लक्ष देत नाही. कलम १८ च्या संरक्षण आदेशासाठी न्यायदंडाधिकाऱ्याला ‘प्रथमदर्शनी’ पटले तरी पुरे आहे. कलम १९ च्या निवास आदेशासाठी मात्र हिंसाचार ‘झाला आहे’ असे पटायला हवे, असे शब्द आहेत. तिथे ‘प्रथमदर्शनी’ नाही. हा फरक योग्य आहे. ‘तिला मारू नको’ या हुकुमाने निरपराध माणसाचे काय जाते? जे करण्याचा त्याला मुळातच हक्क नव्हता, तेवढेच. ‘तिच्या कचेरीत जाऊ नको’ या हुकुमाने त्याची थोडी गैरसोय होईल. पण ‘तू हे घर सोडून जा’ असे सांगितले की त्याचा संसार, त्याचे सामान, वृद्ध आईबापांची देखभाल, सगळेच हलते. म्हणून बेघर करू नका, घर विकू नका, ठरावीक खोल्यांत शिरू नका असे निवासाचे सौम्य आदेश एकतर्फी देणे आणि पुरुषाला घराबाहेर काढण्याचा आदेश, जिवाला धोका स्पष्ट दिसत नसेल तर, ऐकल्यानंतरच देणे, ही विभागणी मला न्याय्य वाटते. स्त्रीला घराबाहेर जायला सांगणारा आदेश तर याच कलमाच्या परंतुकाने देताच येत नाही, मग ती सासू असो वा नणंद.

पैशांच्या आदेशात एकतर्फीपणाची अडचण निराळी आहे. मारहाणीचे वर्णन ती स्वतः करू शकते; नवऱ्याची मिळकत किती, कर्ज किती, हे सांगण्याचे साधन तिच्याजवळ नसते. पगाराची चिठ्ठी कपाटात कुलूपबंद असते, धंद्याच्या वह्या भावाच्या ताब्यात असतात. त्याला न ऐकता आकडा ठरवला तर तो अंदाजपंचे असणार आणि ज्याला ऐकले तोही खरे सांगेल याची खात्री नाही. सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२० मध्ये, नागपूरच्या कौटुंबिक न्यायालयातून वर गेलेल्या एका पोटगी प्रकरणात, यावर देशभरासाठी तोडगा काढला. दोन्ही पक्षांनी उत्पन्न, मालमत्ता आणि देणी यांचे ठरावीक नमुन्यातले प्रतिज्ञापत्र द्यायचे आणि पोटगी धरायची ती अर्जाच्या तारखेपासून. या दुसऱ्या भागाचे मोल मोठे आहे. आदेश केव्हाही झाला तरी रक्कम अर्जाच्या दिवसापासून लागणार म्हटल्यावर तारखा लांबवण्यातला फायदाच संपतो आणि समोरच्याला नीट ऐकायला न्यायालयाला उसंत मिळते. सुनावणी आणि त्वरा यांचा मेळ घालायचा तो असा, नियमाच्या रचनेतून.

खोट्या तक्रारींचा आक्षेप सर्वांत जास्त ऐकू येतो आणि तो झटकून टाकण्यासारखा नाही. कोणत्याही कायद्याचा गैरवापर होतो तसा याचाही होतो. वर दिलेल्या पाहणीचे आकडे सांगून एखादी विशिष्ट तक्रार खरी ठरवता येत नाही. आकडे समाजाविषयी बोलतात, कठड्यापाशी उभ्या असलेल्या दोन माणसांविषयी नाही. पण या आक्षेपातून पुढे काय निघते ते पाहिले पाहिजे. खोट्या तक्रारीवरचा उपाय म्हणजे लवकर होणारी उलटतपासणी. एकतर्फी आदेशच बंद केले तर खोटे बोलणाऱ्या दहा जणींबरोबर खरे बोलणारी प्रत्येक जण नोटीस पोचण्याच्या त्या रात्रीला सोपवली जाते. आदेश ठेवून सुनावणीची तारीख जवळ आणली, तर खोटे आठवड्या-दोन आठवड्यांत उघडे पडू शकते आणि तोवर निरपराध माणसाचे झालेले नुकसान बहुधा भरून येण्याजोगे असते. शिवाय आदेश तोंडी तक्रारीवर मिळत नाही. ठरावीक नमुन्यातले प्रतिज्ञापत्र लागते आणि न्यायालयापुढे खोटा पुरावा देण्याला सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की संरक्षण अधिकाऱ्याचा घटना अहवाल नसला तरी न्यायदंडाधिकारी एकतर्फी आदेशही देऊ शकतो. ते बरोबरच आहे, कारण अधिकारी जागेवर नाही म्हणून तिचा अर्ज अडता कामा नये. मात्र असा अहवाल नसतो तेव्हा एकतर्फी आदेशाची कारणे चार ओळी अधिक लिहिण्याची जबाबदारी न्यायदंडाधिकाऱ्यावर येते. ‘अर्ज वाचला, आदेश मंजूर’ एवढ्यावर अपिलात काहीच तग धरत नाही.

आदेश मोडला तर तुरुंग आहे, म्हणून आधीच ऐकायला हवे, असाही युक्तिवाद केला जातो. त्याचे उत्तर बजावणीत आहे. आदेश माहीत नसलेला माणूस तो मोडू शकत नाही. म्हणून आदेशाची प्रत दोन्ही पक्षांना आणि पोलीस ठाण्याला विनामूल्य द्यावी असे कलम २४ सांगते. पण प्रत हातात पडणे आणि ती समजणे यांत फरक आहे. महाराष्ट्रात दुय्यम न्यायालयांची भाषा १९९८ च्या अधिसूचनेने मराठी झाली, तरी मोठ्या शहरांत अर्ज इंग्रजीत तयार होण्याची रीत अजून आहे. ज्या माणसाने काय करू नये हे सांगायचे आहे, त्याला ते त्याच्या भाषेत सांगितले नाही, तर नंतर त्याला दोषी धरताना न्यायालयाचीच बाजू लंगडी पडते. याच कायद्याच्या नियमांत एक तरतूद अशी आहे की स्त्रीने स्वतः बोलावले तरी बंदी शिथिल होत नाही; न्यायालयाने आदेश बदलल्याशिवाय त्याने जायचे नाही. दबावाखाली दिलेल्या ‘ये’ या निरोपापासून तिला वाचवणारा हा नियम आहे. तो त्या माणसाला आदेशाच्या दिवशीच स्पष्ट शब्दांत सांगायला हवा, कारण दिवाळीला बायकोने बोलावले म्हणून गेलो आणि पकडले गेलो, असे होण्याची शक्यता खरी आहे.

‘मारणाऱ्याला कशाला हवी सुनावणी’ हा दुसऱ्या टोकाचा प्रश्न आहे आणि तो थकव्यातून येतो. दर तारखेला रोजंदारी बुडवून यायचे, त्याच माणसासमोर उभे राहायचे, त्याच्या वकिलाने चारित्र्यावर केलेले प्रश्न ऐकायचे. अशा सुनावणीला कोणी छळाचा पुढचा अंक म्हटले तर मला त्यात अतिशयोक्ती वाटत नाही. तरीही सुनावणी वगळणे हा उपाय नव्हे. समोरच्याला न ऐकता दिलेला अंतिम आदेश सत्र न्यायालयात पहिल्याच धडकेत कोसळतो, प्रकरण परत खाली येते आणि ती पुन्हा पहिल्या पायरीवर उभी राहते. बदलायला हवी ती सुनावणीची रीत. कलम १६ प्रमाणे बंद दालनात कामकाज चालवता येते. कलम २८(२) प्रमाणे न्यायदंडाधिकारी आपली कार्यपद्धती स्वतः ठरवू शकतो. त्यामुळे दोघांना वेगवेगळ्या वेळी बोलावणे, साक्ष प्रतिज्ञापत्रावर घेणे, गैरलागू प्रश्न थांबवणे हे सगळे त्याच्या हातात आहे. प्रत्येक स्त्रीला, तिची मिळकत कितीही असली तरी, १९८७ च्या कायद्याने विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. तशीच मदत मिळकतीच्या मर्यादेत बसणाऱ्या गरीब पुरुषालाही मिळू शकते आणि नोटिशीवर ते छापलेले असावे, असे मी आग्रहाने म्हणेन. बिनवकिलाचा जाबदार आपली बाजू मांडू शकत नाही, आणि न्यायाधीशासमोर गोंधळलेला माणूस घरी जाऊन राग काढतो तो तिच्यावरच.

या चर्चेत एक गोष्ट नेहमी मागे पडते. ऐकून घेण्याचा हक्क हा जणू फक्त गैरअर्जदाराचा, असे आपण गृहीत धरतो. प्रत्यक्षात गेल्या काही वर्षांतले महत्त्वाचे निकाल पाहिले तर सुनावणी नाकारली गेली होती ती स्त्रीला. दिल्लीतल्या एका प्रकरणात सासऱ्याने घर आपल्या मालकीचे म्हणून सुनेविरुद्ध दिवाणी दावा लावला. तिने मालकी नाकारली नाही, एवढ्यावर खालच्या न्यायालयाने पुरावा न घेता हुकूमनामा दिला. ते घर आपले ‘सामायिक घर’, म्हणजे मालकी नसली तरी जिथे राहण्याचा आपल्याला हक्क आहे असे घर, होते हे तिला सिद्ध करायचे होते, आणि ते सिद्ध करण्याची पाळीच येऊ दिली नाही. ऑक्टोबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने २००६ चा आपला जुना निकाल चुकीचा ठरवला आणि सासऱ्याच्या मालकीचे घरही सामायिक घर असू शकते, म्हणून प्रकरण पुराव्यावर चालले पाहिजे, असे सांगितले. दोनच महिन्यांनी बंगळुरूचे प्रकरण आले. तिथे सासू-सासऱ्यांनी २००७ च्या ज्येष्ठ नागरिक कायद्याखाली अर्ज करून सुनेला घराबाहेर काढण्याचा आदेश मिळवला होता. झटपट चालणाऱ्या त्या कार्यवाहीचा उपयोग करून सुनेचा निवासाचा हक्क मोडता येणार नाही, असे न्यायालयाने ठरवले. दोन्ही कायदे दुबळ्यांच्या रक्षणासाठी आहेत आणि दोन्ही जलद गतीने चालावेत अशीच इच्छा आहे. तरीही एकाच्या वेगाने दुसऱ्याचा हक्क चिरडला जाऊ नये, हे तिथे महत्त्वाचे ठरले. ज्यांना एकतर्फी आदेशाचा राग येतो त्यांनी हे निकाल मुद्दाम वाचावेत: सुनावणीचे तत्त्व तिथे सुनेच्या पाठीशी उभे आहे.

भूमिकांची अदलाबदलही होत असते. २०१६ साली मुंबईहून गेलेल्या एका प्रकरणात आई आणि मुलीने मुलगा, सून व इतर मुलींविरुद्ध तक्रार केली होती. गैरअर्जदार हा ‘प्रौढ पुरुष’च असावा ही अट सर्वोच्च न्यायालयाने त्यात रद्द केली. गैरअर्जदाराच्या जागी स्त्रियाही उभ्या राहतात आणि बजावणी, मुदत, भाषा, वकील यांची निकड त्यांनाही तेवढीच आहे. लांबच्या गावी दिलेल्या नणंदेला किंवा वृद्ध मावशीला अर्जात ओढले जाते, तेव्हा तिने नेमके काय केले हे अर्जात लिहिलेले असणे हाही ऐकण्याच्या हक्काचाच भाग ठरतो. आरोप कळला नाही तर उत्तर कशाला द्यायचे? एप्रिल २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की कलम १२ ची नोटीस ही समोरच्याचे म्हणणे मागवण्यासाठी असते, गुन्ह्याची दखल घेणे तिच्यात अभिप्रेत नाही. मे २०२५ मध्ये त्याच न्यायालयाने सांगितले की अशी कार्यवाही रद्द करण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला आहे, पण तो फार जपून वापरावा. या दोन निकालांतून दिशा स्पष्ट होते. नोटिशीला घाबरून वर धावू नये. खाली जावे, म्हणणे द्यावे, आणि खालच्या न्यायालयाने ते तत्परतेने ऐकावे.

खालचे न्यायालय ऐकेल का, हे शेवटी माणसांवर येऊन ठेपते. नोटीस बजावणारा, घरी जाऊन पाहणारा, अहवाल देणारा संरक्षण अधिकारीच कित्येक ठिकाणी नव्हता, किंवा दुसऱ्या कामांनी दबलेला होता. ‘वी द विमेन ऑफ इंडिया’ या संस्थेच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाला मे २०२५ मध्ये, म्हणजे कायदा लागू होऊन साडेअठरा वर्षे झाल्यावर, राज्यांना सांगावे लागले की महिला व बालविकास खात्यातले जिल्हा आणि तालुका पातळीवरचे अधिकारी शोधून त्यांना सहा आठवड्यांत संरक्षण अधिकारी म्हणून नेमा. हा अधिकारी असेल तर एकतर्फी आदेशानंतरची तारीख खरोखर पाळता येते. त्यासाठी संसदेची वाट पाहण्याचीही गरज नाही. कलम २८(२) चा अधिकार आज, प्रत्येक तालुक्यात आहे. आदेशाच्या शेवटी न्यायदंडाधिकाऱ्याने तीन गोष्टी लिहिल्या की झाले: गैरअर्जदाराने चौदा दिवसांच्या आतल्या अमुक तारखेला येऊन म्हणणे मांडावे, त्या तारखेला त्याला ऐकून आदेश कायम ठेवायचा, बदलायचा की उठवायचा हे कारणांसह ठरेल, आणि तो आला नाही किंवा त्याने नोटीस चुकवली तर आदेश आपोआप संपणार नाही. तिसरे वाक्य गाळले, तर नोटीस चुकवणाऱ्यालाच बक्षीस मिळेल. पहिली दोन गाळली, तर येऊन उभा राहिलेल्या माणसाला न ऐकता परत पाठवल्यासारखे होईल.